फड्या निवडुंग

केतकीच्या नोकरीपायी तीन महिने पुएब्लाला.
ती सकाळीच कारखान्यात,
मी खिडकीत.
भाषा नाही, ओळख नाही, भांडायलासुद्धा कुणी नाही.
शेवटी तिनंच नाव घातलं माझं:
शाकाहारी स्वयंपाकाचा वर्ग, मंगळवार-शुक्रवार, दहा ते एक.
छत्तीस वर्षं मी हजेरी घेतली मुलांची,
आता फळ्यावर माझं नाव, तेही चुकीचं.
वच्छलाची बच्छला.

पहिल्याच दिवशी एउलालियाबाईंनी काळा घेवडा शिजवला,
वरून चमचाभर पांढरं काही.
मी फोनला विचारलं, फोननं त्यांना.
तूप?
नाही, डुकराची चरबी.
चवीपुरती, म्हणाल्या. यात मांस कुठंय?
मी उठले, चपला घातल्या.
बाई दारापर्यंत आल्या,
माझ्यादेखत पातेलं कुत्र्यापुढे ओतलं
आणि नवा घेवडा निवडायला बसल्या.
मीही बसले मग.
खडे दोघींनाही सापडले.

पुढं चुन्याच्या पाण्यात भिजलेला मका,
पाट्यावर वाटलेली मिरची, काळी होईतो भाजलेली,
ठसका लागला की तिथंही पाठीवर थाप.
चुलीवर मातीचा तवा आला
आणि मी वर्गात ओरडले, खापर!
बाईंनी वहीत लिहून घेतलं, खापार.
मग मांडा करून दाखवणं आलंच.
पुरण नव्हतं, हरभऱ्याची डाळ मिळाली नाही,
नुसती कणीक कोपरापर्यंत पसरत नेली
आणि ऐन खापरावर टाकताना फाटली.
कुणी हसलं नाही.
बाईंनी हात धुतले, म्हणाल्या, परत.

शेवटच्या शुक्रवारी टोपलीतून त्यांनी जे काढलं
ते पाहून मात्र मलाच हसू फुटलं.
फड्या निवडुंग!
आमच्या बांधावरचा,
चेंडू गेला की ज्यात हात घालायची कुणाची छाती नव्हती.
सुरीनं काटे खरवडले, उभे काप, मीठ,
भेंडीसारखी तार सुटेपर्यंत परतायचं,
कांदा, टमाटा, हिरवी मिरची.
मी तीनदा वाढून घेतलं.

सावद्याला आले, आठवडाभर झोप उलटी.
नवव्या दिवशी विळा, सांडशी आणि पाटी घेऊन
केळीच्या मळ्याकडे निघाले.
रस्त्यात पुंडलिकभाऊंनी मोटरसायकल थांबवली.
"काव वहिनी, बकऱ्या घेतल्या की काय?"
खोटं कशाला बोलायचं.
भाजी करतेय म्हटलं.
ते गाडी बंद करून बघतच राहिले,
मग चालू करायला चार किका लागल्या.

बांधाशी रुमलीबाई पावरा बसलेली,
सातपुड्यातून दर हंगामात येते आमच्या मळ्यात.
तेरा वर्षं. मी तिला चहा दिलाय, मजुरी दिलीय,
जेवायला काय करतेस, हे विचारलं नव्हतं कधी.
माझी सुरी तिनं दोन मिनिटं पाहिली.
"असं नाही व बाई."
पऱ्हाटी ओढली, पेटवली, ज्या काड्यांवर आम्ही वांगी भाजतो त्याच,
आणि फडा धरला जाळावर.
काटे तडतडले, गेले.
खरवडून माझ्या बोटांत घुसलेले तेवढे उरले,
तेही तिनंच काढले, केसातल्या पिनेनं.
लाल बोंडं आम्ही खातो, म्हणाली,
फडा दुष्काळात बकरीला.

तरी भाजी केली तिथंच, तीन दगडांवर.
रुमलीनं एक घास घेतला,
बराच वेळ चावला,
मिरची कमी आहे म्हणाली.
मग सगळं ऐकवलं तिला: विमान, चुना, मका, कुत्र्यापुढचं पातेलं.
चरबीपाशी ती हसली, खूप हसली.
राख झटकत उठली आणि विचारलं,
"ते लोक जर फडा खातात,
तं त्यांच्या बकऱ्या काय खातात?"

एवढं मात्र मी वर्गात विचारलंच नव्हतं.