किती उंचावर

उभादांड्याच्या या दोन खोल्यांत
आम्ही चौघं राहतो: मी, भालचंद्र,
आणि भिंतीला टेकून दोन सायकली,
ज्यांची पायडलं अंधारात नडगी बरोबर ओळखतात.
पडवीत ठेवाव्यात तर खारं वारं
आठ दिवसांत साखळी तांबूस करतं
आणि गावकरांची तलंग
माझ्या सीटवर बसून अंड्याचा विचार करते.

म्हणून हुक मागवले. दोन जोड.
रबराचं काळं आवरण, आकडा असा दणकट
की बाजारातल्या खाटकाने भाव विचारावा.
सोबत कागद, कागदावर चित्रं:
गुळगुळीत भिंत, बिनचेहऱ्याचा माणूस,
एक बाण, पाच फूट.
त्या भिंतीला गाव नव्हतं.

भालचंद्राने ड्रिल मागून आणलं
आणि रविवारी दुपारी भोक पाडलं.
तिखटाची गिरणी सुरू व्हावी तसा लाल भुगा.
प्लग बसवला. स्क्रू फिरवला.
स्क्रू फिरला, प्लगही फिरला,
दोघं मिळून फिरत राहिले
आणि शेवटी भालचंद्र फिरला, माझ्यावर.

सगुण मेस्त्री आले ते बुधवारी.
भोकात करंगळी घालून म्हणाले,
"बाई, ह्यो चिरो. ह्येका पलास्टिक पटाचां नाय."
मग सांगत बसले, चहा गार होईपर्यंत:
खाणीतून निघतो तेव्हा मऊ असतो,
कुऱ्हाडीने तासावा इतका.
वारा खाऊन खाऊन घट्ट होतो,
पण आत जागा रिकाम्या ठेवतो.
"कोनासाटी, तां त्येकाच ठावक."

फणसाचं पिवळं लाकूड. चार खुंट्या,
टोकाला निमुळत्या, उंडीच्या तेलात
रात्रभर बुडवून ठेवलेल्या.
होडीच्या फळ्यांना पाजतात तेच तेल.
पहिला ठोका पोकळ, दुसरा शंकेखोर,
सातव्याला आवाज बदलला.
मी नर्स आहे. डॉक्टर छातीवर बोटं ठोकतात
तेव्हा शेजारी उभी असते.
भरीव कशाला म्हणतात, कळतं मला.

पण खुंट्यांच्या आधी, खरं तर, भांडण झालं.
उंचीवरून.
भालचंद्र म्हणे, कागदाप्रमाणे.
भालचंद्र पाच फूट अकरा इंच.
मी त्याच्याहून बरोबर एक फूट कमी.
मेस्त्र्यांनी टेप गुंडाळून खिशात घातली.
"पयली भायर कोन पडता?"

मी. साडेपाचला.
कॅरिअरला लसींचा निळा डबा, डब्यात बर्फ,
आणि खाडीपलीकडच्या वाड्यांतली तान्ही पोरं,
माझी अजिबात वाट न बघणारी.
भालचंद्राची सायकल गेल्या गणपतीत बाहेर पडली होती,
दळण आणायला.

"मगे उचला बगया, बाई. जोर काडून नको.
झोपेत उचलतल्यात तितकीच."
मी उचलली. छातीपर्यंत आली.
त्यांनी कानावरची पेन्सिल काढली
आणि दांड्याखाली भिंतीवर रेघ मारली,
आधी तिथे होतीच, फक्त गिरवली, अशी.

माझ्या मापाने याआधी काय झालं होतं,
आठवून पाहिलं. ब्लाउज.
बाकी ओटा, ओट्यावरचं फडताळ,
एस.टी.ची पायरी, केंद्रातलं औषधांचं कपाट,
सगळं कुणीतरी त्या कागदावरून केलेलं.

आता एक सायकल वर, एक हातभर खाली.
पाहुणे विचारतात, चुकलं का?
भालचंद्र म्हणतो, मेस्त्री म्हातारे झाले.
त्याची तिथे वर छान दिसते.
तिच्यावर टॉवेल वाळतो.

साडेपाचला दिवा न लावता हात पुढे करते.
दांडा हाताशी येतो. थोडी वाळू
टायरमधून लादीवर गळते, तेवढाच आवाज.
पडवीत तलंग जागी झालेली असते
आणि मी निघाले की
सीटकडे बघत राहते, वळणापर्यंत.