वाळू

साठ वर्षांनी सापडली म्हणे ती रिळं,
ओदावाराच्या कुठल्याशा गोदामात, लोणच्याच्या पिंपांमागे.
आज शाळेच्या सभागृहात चादर ताणून दाखवताहेत.
आम्ही म्हातारी माणसं पुढे, चटयांवर,
बूट पिशवीत घालून मांडीशी.

पडद्यावर ओरखड्यांची झड लागली आहे.
तिच्यातून दिसतं आमचंच मैदान,
चुन्याच्या रेघा, लाल टोप्या, पांढऱ्या टोप्या,
बांबूवर बांधलेल्या टोपलीत
पोरं कापडाचे चेंडू फेकताहेत,
आणि दोरीपाशी नाक पुसत उभी ती...
"सुगाए, तूच ना गं?"
मीच. नाक अजून तसंच आहे.

मग शर्यत.
तोक्योहून आणलेला गोरा मुलगा पहिला यायला हवा,
गोष्टच तशी होती, आई आजारी वगैरे.
माझ्या दादाने, तोराकिचीने, हरायचं.
बदल्यात कॅरमेलची एक डबी.

दादाने अगदी मनापासून प्रयत्न केला.
पण पायांना ते कुणी शिकवलंच नव्हतं.
चार वेळा धावले, चार वेळा तोच पुढे,
छातीवर फीत घेऊन ओशाळलेला,
वाकून वाकून माफी मागणारा.
ऊन कलायला लागलं. दिग्दर्शकाने टोपी आपटली.
तेव्हा एक मदतनीस ओढ्यावर गेला,
ओली वाळू घेऊन आला
आणि दादाच्या कापडी बुटांत ठासली.

हे मला ठाऊक. बूट मीच धरले होते.

आता बघा, तो मागे पडतोय.
ओठ दातांखाली, मान पुढे,
पाय जणू कुणी जमिनीतून धरलेत.
मागच्या रांगेतले तरुण मास्तर हळूच म्हणतात,
"काय काम केलंय त्या पोराने!"

एकतीस वर्षं त्याने टपाल वाटलं,
या डोंगरातून त्या डोंगरात,
सायकल दिली तरी पायीच.
रोज संध्याकाळी दारातल्या पायरीवर बसायचा,
बूट उलटे करून झटकायचा.
"अहो, काही नाहीये त्यात," वहिनी म्हणायची.
"असू दे. बघून घेतो."
त्याला जाऊन दोन हिवाळे झाले.

दिवे लागतात.
मास्तर जवळ येऊन बसतात,
त्या मुलाला काय मिळालं होतं हो, विचारतात.
कॅरमेलची डबी, मी सांगते.
ती मी खाल्ली, हे नाही सांगत,
घरी पोचायच्या आत,
सगळी.