कर्म अध्याहृत

सातव्या वर्षी मूवाट्टुपुळाच्या कोर्टात
बाटली नुसती दाखवली.
लाख उडालेली, चिठ्ठीवर माझी सही,
आत पाणी.
तेव्हा गुलाबी होतं, लग्नातल्या सरबतासारखं,
पत्रोस साहेबांची बोटं बुडवली तेव्हा.

मी गुरांच्या दवाखान्यातला, पंच म्हणून नेलेला,
दाराआड उभा, चपला हातात.

वकील म्हणाले, पावडर लागली, मान्य.
मागितले कुठे? शब्द सांगा.
सांगितला: ‘कोंडुवन्नो?’
आणलं का. एवढंच.
काय आणलं? पैसे, की कराची पावती?
आमच्या क्रियापदाला लिंग नाही, वचन नाही,
ते कुणात नसतं.

आधीचं सगळं मागणं जिनं ऐकलं
ती एलीक्कुट्टी गेल्या कर्कटकात वारली.
तिच्या पाचशेच्या चार नोटा, अंडी विकून जमवलेल्या,
अजून लिफाफ्यात, नंबर पाडून.

निर्दोष.
पायऱ्यांवर साहेबांनी हात जोडले, मीही जोडले.
बोटं स्वच्छ होती. माझीही.

आता बाजारातून आलो की दारातच बायको विचारते,
आणलं का?
पिशवी हातात धरून
मी म्हणतो, काय?