सातव्या मिनिटाला माझं कोपर

फिल्म अकरा मिनिटांची आहे.
मुर्गाबला पोचायला तिला बारा वर्षं लागली.
शाळेत, व्यायामशाळेच्या भिंतीवर दाखवली;
जनरेटर मध्येच बंद पडला, तर अंधारात
कुणी म्हातारा ओरडला, "पाणी सांडलं रे!"

एर्मेक तेव्हा सात वर्षांचा.
उठतो, उलटे बूट घालतो,
ॲल्युमिनियमचा कॅन घसरगाडीला बांधतो
आणि बर्फातून विहिरीवर जातो. एकटाच.
एकटाच, असं खाली अक्षरांतही येतं.

एकटा कसला!
दुसरा कॅन माझ्याकडे होता.
नीगोराबाई म्हणाल्या, "जरा बाजूला हो गं, राणी,"
म्हणून मी बाजूला झाले,
ती अख्खा हिवाळा बाजूलाच:
कुत्र्याचं तोंड दाबून धरलेली,
आईच्या पाठीवरची टेरेस्केनची मोळी
उतरवून पुन्हा चढवणारी,
कारण आईला त्या दिवशी तीनदा घरी यावं लागलं.
तिसऱ्यांदा ती खरंच दमली होती.
तेच ठेवलंय.

सगळं खोटं आहे असंही नाही म्हणवत.
कंटेनरच्या पत्र्यावर आपटणारी वाळू, तो आवाज आमचाच.
ट्रकखालून बाहेर आलेले बाबांचे पाय, तेही.
फक्त इंजिनाला ते ज्या शिव्या घालत होते
त्या पुसून वर कोमुझ वाजवलाय.
आमच्या घरात कोमुझ नव्हता.

सातव्या मिनिटाला एर्मेक घसरतो,
कॅन कलंडतो,
आणि डावीकडून एक कोपर येतं
लाल स्वेटरातलं, निळ्या लोकरीनं रफू केलेलं;
कॅन सावरतं, जातं.
दीड सेकंद. मोजलंय मी.

रात्री ओशहून एर्मेकचा फोन.
त्यानं मोबाइलवर पाहिली म्हणे, चारदा.
"काय थंडी असायची ना! आणि मी एवढासा,
एकटा जायचो. आठवतंय मला सगळं."
मी म्हटलं, हो, थंडी फार.
"ते लाल स्वेटरवालं कोण गं मध्येच?"
असेल कुणीतरी शेजारचं, म्हटलं.
मग त्याच्या बायकोचा खोकला, भाडं,
नव्या टायरांची किंमत.

निळी लोकर मी त्याच्या टोपीची उसवली होती,
त्याला न विचारता.
सबंध फिल्मभर त्याचा एक कान उघडा आहे,
लालभडक.