स्थानिक नाव

फॉर्मला सात रकाने. पाचवा: स्थानिक नाव.
मी खारदांड्याच्या खडपांवर, उजाडायच्या आत,
कपाळाला दिवा बांधून
एक मीटरची चौकट टाकतो आणि आतलं मोजतो.
शेवाळ किती टक्के, खेकडे किती,
कालवं जिवंत किती, नुसत्या वाट्या किती.
प्लास्टिकचा कागद वेगळा.

त्या दिवशी सुकती खोल गेली होती, अवसेची.
एरवी वर्षभर न दिसणारे धोंडे
उघडे पडले होते,
झोपेत पांघरूण सरकलेल्या माणसांसारखे.
नकूबाय वैती माझ्याआधीच तिथं बसलेली.
कोयतीचा एक ठोका, मग डब्यात टप्.
माझ्याकडे न बघता म्हणाली,
आज काय मोजतस रं?
म्हटलं, असेल ते.

मग ये हिकडं.
तिनं एक धोंडा वळवला, दोन्ही हातांनी,
तान्ह्याला कुशीवर वळवतात तसा,
आणि खाली ओल्या काळोखात
एक कान.

चपटा, मळकट, पाठीवर शेवाळाची साय,
कडेनं भोकांची ओळ.
खालून मांसल पाय, दगडाला असा धरून
की दगड हाच त्याचा उरलेला देह.
याचा रिकामा शिंपला मी पाहिला होता एकदा,
संग्रहालयाच्या खणात, पिवळ्या पडलेल्या कापसावर,
आतून मोराच्या गळ्यासारखा.
पण जिवंत, आणि इथं,
जिथं मागच्या वस्तीचं गटार समुद्राला मिळतं?
मी दिवा विझवला. का, ते माहीत नाही.
वाटलं, त्याच्या डोळ्यांवर येत असेल.

या भोकांतून श्वास घेतो, मी तिला सांगितलं,
(कुणाला तरी सांगायलाच हवं होतं)
वाढत जातो तशी मागची भोकं बुजत जातात,
पुढं नवं उघडतं.
बघ, पाच उघडी. बाकीचे नुसते वण.

नकूबाय हसली.
ओल्या मनगटानं पदर मागं सारून
कान पुढं केला.
माझी बी पाच व्हती.
ही बुगडीची बुजली, नवऱ्यानं इंजिन घेतलं तवा.
ही दुसरी, पोरीच्या बाळंतपणात.
नवं काय उघडलं नाय पण.

मी पेन्सिल काढली.
याला तुमच्यात काय म्हणतात?
काय नाय.
काहीतरी म्हणत असतील.
नाव असतं तं बाजारात आलं असतं, ती म्हणाली,
आणि कोयती दगडावर घासायला लागली.

आमच्या ऑफिसच्या भिंतीवर एक नकाशा आहे.
त्यात नेमक्या या खडपावरून
तांबडी रेघ जाते. रेघेला नाव आहे,
नंबर आहे, पूर्ण व्हायची तारीख आहे.
या कानाची नोंद केली तर रेघ
कदाचित चार बोटं सरकेल.
कदाचित पुढच्या अवसेला इथं
काचेच्या टाक्या घेऊन माणसं येतील,
पहार घेऊन.
मला खरंच कळत नव्हतं.
महिन्याला अठरा हजार मिळतात मला, मोजायचे.
कळण्याचे नाही.

पाचव्या रकान्यात मी लिहिलं: नाय.
मग खोडलं, लिहिलं: नाही.
ते वाचलं तर वाटत होतं, प्राणीच नाही.
तेही खोडलं.

तोवर तिनं धोंडा परत फिरवला होता,
होता तस्सा, त्याच खाचेत,
वरून पाण्याचे दोन पसे.
उलटा टाकशील तं ऊन लागंल त्याला, म्हणाली,
जणू धोंडा मीच उचलला होता.

पाणी चढायला लागलं. चौकट तरंगली.
फॉर्मचा खालचा कोपरा भिजून
अक्षरं फुगली.

उठता उठता नकूबायनं एक कालव फोडलं,
माझ्या तळहातावर ठेवलं,
गार, खारट, अजून थरथरतं.

याला नाव हाय, म्हणाली.
खा.