शेपट्या दोन

पहाटे साडेतीनला हिद्दच्या धक्क्यावरून मी जाळं सोडतो.
जाळं कसलं, रेशमी मोजा.
मालवणात तात्यांनी बघितलं असतं तर म्हणाले असते,
लवू, पाणी धरतोस की काय रे?

वाळूचा दांडा समुद्रात शिरतो, त्याला इथं हिद्द म्हणतात.
मला सात वर्षं हद्दच ऐकू येतं.

मागे पाण्याचा कारखाना घरघरतो,
समुद्र पितो, खारट थुंकतो.
त्याच्या घशाशी काय काय येतं
ते मोजायचा मला पगार.

भिंगाखाली आधी काहीच नसतं.
मग त्या काहीच नसण्यातलं काहीतरी
सळकन पुढं सरकतं.
काचेचा दोरा, नखाएवढा,
पोटात एक तांबडा ठिपका:
गिळलेल्या कोपेपॉडचा डोळा,
अजून लाल.

बाणकिडा.
उजेडात तळाशी, अंधारात वर,
नाइट शिफ्टचा माणूस.
पोहताना डोक्यावर टोपरं ओढलेलं,
सावज आलं की टोपरं मागं
आणि दोन्ही गालांना आकडे, आठ-आठ, नऊ-नऊ,
गळांची पेटी उपडी झाल्यासारखे.
हा बघून मारत नाही.
अंगभर बारीक लव आहे,
शेजारी कुणी पाय झाडला की तिला कळतं. एवढं पुरतं.
विष आहे, केंड माशाचं असतं तेच.
तेही म्हणे स्वतःचं नाही,
पदरी ठेवलेल्या जिवाणूंचं.
नर वेगळा नाही, मादी वेगळी नाही,
धडात अंडी, शेपटीत रेत.
आणि भूक लागली तर भाऊही चालतो.

पंख मोज, लुलवा म्हणते. बाजूला एक जोडी की दोन?
आकडे मोज. मानेला कॉलर आहे का बघ.
एवढ्यावर त्याची प्रजाती कळते, कूळही कळतं.
त्याच्या वर चढायला गेलं की हात निसटतो.
अंड्यात असताना ह्याचं तोंड मागाहून फुटतं,
तारामाशासारखं, आपल्यासारखं,
म्हणून कितीतरी वर्षं ह्याला आपल्या पंगतीत पान मांडलं.
मग जनुकं वाचली.
निघाला पलीकडच्या अंगणातला, गोगलगाई, गांडुळं, त्या बाजूचा.
आता रोटिफरांचा चुलता ठरतोय.
ठरतोय म्हणजे?
म्हणजे बोलणी चालू आहेत, ती हसली.
पन्नास कोटी वर्षांहून जुना जीव
आणि सोयरीक अजून पक्की नाही.

माझ्या कार्डावर धंदा: हेल्पर, सफाई.
आडनाव टँडल.
तांडेल म्हणजे होडीवरचा म्होरक्या,
हे खिडकीतल्या माणसाला सांगायला गेलो
तर मागची रांग खोकली.
लुलवाचे आजोबा मोत्यांच्या गलबतावर नोखदा होते.
आमच्यात नाखवा म्हणतात, मी म्हटलं.
ती थांबली. परत म्हण.
नाखवा.
नोखदा.
दोघांनी एकेकदा म्हणून बघितलं,
शब्दाचेही पंख मोजावेत तसं.
मग ती म्हणाली, फारशी असेल,
आणि फॉर्मालिनची बाटली पुढं सरकवली.

थेंब पडला की तो पांढरा होतो.
जिवंतपणी आरपार होता,
मेल्यावर कुणालाही दिसतो, भिंग नको.
ह्याचं मला पहिली दोन वर्षं वाईट वाटायचं.

आज सत्तेचाळिसाव्या बाटलीत
एक दुसऱ्याच्या तोंडात अर्धा गेलेला,
तसाच गोठलेला.
कसा धरू? एक की दोन?
डोकी मोज, आतल्या खोलीतून लुलवा.
डोकं एकच दिसतंय.
मग एक.

मी एक लिहिला.
बाहेर बांग झाली, कारखान्याचा आवाज तसाच.
शेऱ्याचा रकाना रिकामा होता,
तिथं मराठीत, बारीक अक्षरात लिहिलं:
शेपट्या दोन.