वाढ

रबाळे एमआयडीसीत, दुसऱ्या मजल्यावर,
नऊ वर्षं मी रजिस्टरात दोनच शब्द लिहिले:
वाढ नाही.

सलाईन चौदा दिवस उबेत ठेवायचं,
दिव्यासमोर धरायचं,
गढूळ नसेल तर सही.
कुणाच्या तरी शिरेत जायचं असतं ते,
म्हणून काहीच न उगवणं, हेच माझं पीक.
दिवाळीच्या आधी एचआरचे तावडे
तेच दोन शब्द मला परत करायचे.

रविवारी मात्र मी खाडीत.
दिवा कोळीवाड्याच्या जेट्टीखाली गुडघाभर चिखल,
खिशात फिरकीच्या झाकणाच्या बाटल्या,
लांब ऐरोलीच्या पुलावर गाड्यांची रांग.
होडी लोटताना पांडूकाका विचारायचे,
चिंबोऱ्या धरतंस काय गो दर्शना?
मी म्हणायची, त्याहून बारीक.

सुरुवात एका खारवलेल्या दाढ्यापासून.
सातवीत होते. पिंपात, मिठाच्या थराखाली,
त्याच्या पोटावर गुलाबी साय धरलेली.
लाल परला, टाक तिकरं, आई म्हणाली.
मी टाकला नाही.
जिथं मीठ सगळ्यांना मारतं
तिथं कुणी तरी बिऱ्हाड केलं होतं
आणि शेजारीही बोलावले होते.

पुढं कळलं, ते उजेडावरही जगतात.
मीठ कमी पडलं तर फुटून मरतात.
किरणांनी आतला धागा जागोजाग तुटला
तर फाटलं जाळं तुणावं तसे
टाका टाका घेत बसतात, घाई न करता.
त्यांच्यावरच पीएच.डी. केली, नोकरी सांभाळून, सात वर्षं.
अंतराळाच्या अर्जात 'विशेष कौशल्य' या रकान्यात
मी लिहिलं: वाट बघणं.

निवड झाली.

सेंट्रीफ्यूजमध्ये जन्मभर नळ्या फिरवल्या मी,
तोल राहावा म्हणून समोर नेहमी
तेवढ्याच वजनाची पाण्याची नळी.
आता मला फिरवतात.
गाल कानांकडे जातात, छातीवर कुणी तरी जातं ठेवतं,
आणि समोरच्या बाजूला
कुणीच नसतं.

गालातून, काखेतून, बेंबीतून
कापसाचे बोळे फिरवून नेले त्यांनी.
चार पानी अहवाल आला.
पहिल्यांदाच माझ्या नावापुढे लिहिलेलं पाहिलं:
भरपूर वाढ.
तो कागद मी दोनदा वाचला.
तावड्यांना पाठवावासा वाटला.

उड्डाणाची तारीख अजून नाही. कदाचित येणारही नाही,
आम्ही सहा जणी आहोत, जागा एक.
हे आईला सांगितलंय, ती ऐकत नाही.
तिला एवढंच लक्षात राहिलंय
की वर गेल्यावर पाठीचा कणा दोन बोटं लांबतो.
आणि खाली आल्यावर?
होतो पुन्हा होता तेवढाच.
मग कशाला, म्हणाली,
आणि तव्यावरची भाकरी उलटली.

वाढू?
अर्धीच, शुक्रवारी वजन आहे.
तिनं आख्खी टाकली.